एजंट म्हणतो क्यूए बसल्या जागी होईल, देऊ का पैसे?

पत्र

दादा, नमस्कार. आमचं तालुक्याच्या गावात हाडांचं क्लिनिक आहे. मिस्टर ऑर्थोपेडिक आहेत, बिलिंगपासून पगारापर्यंत बाकीचं सगळं मी बघते. आमच्याकडे 300 एमएचं एक फिक्स एक्स-रे मशिन आहे आणि त्याचं लायसन्स दोन महिन्यांनी संपतंय. मागच्या वेळी सगळं डीलरने केलं होतं, पासवर्ड पण त्याच्याकडेच आणि आता तो फोन उचलत नाही. डिप्लोमावाला टेक्निशियन आठ महिन्यांपूर्वी सोडून गेला, आरएसओ (रेडिएशन सेफ्टी ऑफिसर) पण तोच होता. आता त्याच्या हाताखाली बघून बघून शिकलेला पोरगा एक्स-रे काढतो, चांगले काढतो. टीएलडी बॅज, म्हणजे अंगावर किती रेडिएशन पडलं ते मोजणारे, अजून जुन्याच्याच नावाने येतात, ड्रॉवरमध्ये असतात, तिमाही संपली की मी परत पाठवते. क्यूए (मशिन बरोबर चालतंय का त्याची टेस्ट) मशिन बसवलं तेव्हा झालं होतं, नंतर नाही. आता एक एजंट म्हणतोय 35 हजार द्या, रिन्यूअल, क्यूए, टेक्निशियनचं सर्टिफिकेट सगळं बसल्या जागी होईल, कुणी यायची पण गरज नाही. मिस्टर म्हणतात देऊन टाक आणि विषय संपव. मला काही ते पटत नाहीये. हे राज्य सरकारचं परमिट असतं ना, मग नगरपालिकेत किंवा सिव्हिलला जाऊन आपणच नाही का करता येणार? आणि स्टोअरमध्ये एक जुनं पोर्टेबल मशिन पडलंय, ते भंगारात दिलं तर चालेल का? नाव-गाव छापू नका प्लीज.

उत्तर

ताई, पैसे देऊ नका. म्हणजे एजंटला फॉर्म भरायचे पैसे देणं हा काही गुन्हा नाही, कुणाला कॉम्प्युटर जमत नाही, कुणाला वेळ नसतो, पण तुमचा हा माणूस फॉर्म भरायचे पैसे मागतच नाहीये. मशिन न बघता क्यूए रिपोर्ट आणि माणूस नसताना माणसाचं सर्टिफिकेट, ह्याचे पैसे मागतोय. गाडी न बघता पीयूसी देणारे असतात ना, त्यातलाच प्रकार, फक्त इथे सही डॉक्टरांची लागणार आहे, एजंटची नाही. उद्या काही निघालं तर तो नंबर बदलून मोकळा, मशिन, क्लिनिक आणि बोर्डावरचं नाव तुमचं.

आधी परमिटचा घोळ सोडवू, कारण ह्यात भलेभले गोंधळतात. एक्स-रे मशिन चालवायचं लायसन्स नगरपालिका देत नाही, सिव्हिल सर्जनचं ऑफिस देत नाही, राज्य सरकार पण देत नाही. ते देते एईआरबी, म्हणजे अणुऊर्जा नियामक मंडळ, केंद्राची संस्था, 1983 मध्ये स्थापन झालेली, ऑफिस मुंबईत अणुशक्तीनगरला. कायदेशीर आधार 2004 च्या रेडिएशन प्रोटेक्शनच्या नियमांचा आणि लायसन्स असतं पाच वर्षांचं. क्लिनिकचं नर्सिंग होम रजिस्ट्रेशन वेगळं, सोनोग्राफीचं पीसीपीएनडीटी वेगळं (ते पण पाच वर्षांचं असतं म्हणून लोक दोन्ही एकच समजतात), बायोमेडिकल वेस्टचं वेगळं. तुमच्या फाइलीत ही सगळी एकाच प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये असणार ह्याची मला खात्री आहे, ती आज वेगळी करा. आणि एईआरबीने लोकांना स्पष्ट सांगितलेलं आहे की आमच्या वतीने लायसन्स काढून द्यायला आम्ही कुठलाही एजंट नेमलेला नाही. ही एक ओळ मिस्टरांना वाचून दाखवा.

अर्ज ऑनलाइन होतो, ई-लोरा नावाचं पोर्टल आहे, तिथे तुमच्या क्लिनिकचं खातं असणारच कारण त्याशिवाय मागचं लायसन्स निघालंच नसतं. तर पहिलं काम हे की ते खातं स्वतःच्या ताब्यात घ्या. जुन्या लायसन्सची कॉपी काढा, त्यावर संस्थेचा नंबर आणि मशिनचा तपशील असतो. पासवर्ड रीसेट करून बघा, आणि ईमेल-मोबाईल डीलरचाच टाकलेला असेल (बहुतेक तसंच निघेल) तर क्लिनिकच्या लेटरहेडवर डॉक्टरांच्या सहीने एईआरबीला लिहा की रजिस्टर केलेला ईमेल आणि मोबाईल बदलून द्या, सोबत जुनं लायसन्स आणि डॉक्टरांचं ओळखपत्र जोडा. नवीन ईमेल क्लिनिकच्या नावाने उघडा, कुणाच्या पर्सनल आयडीवर नको. हे आधी करायचं कारण लायसन्सबद्दलचे मेसेज, त्रुटी काढलेली पत्रं, सगळं त्या रजिस्टर केलेल्या पत्त्यावर जातं आणि डीलर ती तुम्हाला फॉरवर्ड करत बसणार नाही. तुमचं मागचं एखादं पत्र पण तिकडे न वाचता पडलेलं असू शकतं, आत गेल्यावर आधी ते बघा.

आता पोराचं. ताई, हे ऐकायला बरं वाटणार नाही, पण त्याला उद्यापासून बटणाला हात लावू देऊ नका. तो चांगले एक्स-रे काढतो ह्यावर माझा विश्वास आहे, पोझिशनिंग हाताला बसतं, बघून बघून येतं, पण फोटो स्वच्छ आला म्हणजे डोस बरोबर गेला असं नसतं. आताच्या डिजिटल सिस्टीममध्ये तर उलटंच होतं. पूर्वी फिल्मवर जास्त एक्स्पोजर गेलं की फिल्म काळी पडायची आणि माणसाला लगेच कळायचं, आता सॉफ्टवेअर सावरून घेतं आणि जास्त डोस दिलेली इमेज दिसायला आणखीच गुळगुळीत दिसते, मग न शिकलेला माणूस हळूहळू फॅक्टर (एक्स्पोजरचं सेटिंग) वाढवत जातो कारण डॉक्टर खूश होतात. लहान मुलाच्या मनगटाला मोठ्या माणसाचा फॅक्टर, कॉलिमेटर (एक्स-रेचा झोत लहान-मोठा करणारा भाग) पूर्ण उघडा, मुलाला धरायला आई आत उभी आणि तिला एप्रन नाही. तुमच्याकडे असंच होतं असं मी म्हणत नाही, पण तुम्ही स्वतः एक दिवस दाराशी उभ्या राहून बघा, कॉलिमेटरचा उजेड किती मोठा पडतो ते. नुसतं बोट काढायचंय आणि उजेड कोपरापर्यंत पडलाय असं दिसलं तर मी काय म्हणतोय ते कळेल.

नियमाप्रमाणे मशिन चालवणारा माणूस बारावी सायन्स आणि मान्यताप्राप्त संस्थेचा एक्स-रे टेक्निशियनचा कोर्स केलेला लागतो. एजंट सर्टिफिकेट आणून देईल ते कुणाचंतरी असेल, त्या माणसाला तुम्ही कधी बघितलेलं पण नसेल, आणि पोर्टलवर तो तुमचा कर्मचारी म्हणून दिसेल. इन्स्पेक्शनला कुणी आलं आणि म्हणालं बोलवा त्यांना, मग? फुल टाइम माणूस परवडत नसेल तर ठरलेल्या वेळेत येणारा शोधा, तालुक्याला दोन-तीन क्लिनिक मिळून एक डिप्लोमावाला ठेवतात, सकाळी एकीकडे दुपारी दुसरीकडे. हाडांच्या ओपीडीचा टाइम तसाही ठरलेला असतो, पेशंटला त्या वेळेत बोलवायचं. फक्त तो तुमच्या संस्थेत पोर्टलवर नोंदलेला पाहिजे आणि तुमच्याकडचा त्याचा बॅज वेगळा पाहिजे. दोन ठिकाणी काम करणाऱ्याचा टीएलडीचा पर्सनल नंबर एकच राहतो पण बॅज प्रत्येक ठिकाणचा निराळा असतो, एकच बॅज खिशात घालून दोन्हीकडे फिरायचं नाही.

बॅजवरून आठवलं, ड्रॉवरचं प्रकरण मला क्यूएपेक्षा जास्त खटकलं, आणि तुम्ही ते इतक्या सहज लिहिलंय की तुम्हाला त्यात काही वावगं वाटलेलंच दिसत नाही. बघा, त्या छोट्या प्लास्टिकच्या कॅसेटमध्ये एक कार्ड असतं, कार्डावर तीन गोल चकत्या, एकीवर धातूचा फिल्टर, एकीवर प्लास्टिक, एक उघडी. रेडिएशन पडलं की चकत्या ते साठवून ठेवतात आणि लॅबमध्ये गरम केल्यावर उजेडाच्या रूपात सोडतात, तो उजेड मोजून डोस काढतात. तीन वेगवेगळ्या आडोशांमुळे रेडिएशन कुठल्या प्रकारचं होतं ते पण कळतं. तर तुमच्या जुन्या टेक्निशियनच्या नावाने आठ महिने ड्रॉवरचा डोस मोजला गेलाय आणि तो त्याच्या आयुष्यभराच्या डोस रेकॉर्डला चिकटलाय. तो बिचारा आता दुसरीकडे काम करत असेल तर एकाच माणसाची दोन ठिकाणची नोंद चालू आहे. आणि जो खरोखर खोलीत उभा राहतो त्या पोराच्या अंगावर काहीच नाही, म्हणजे त्याला किती डोस गेला हे आता कुणालाच सांगता येणार नाही. बॅज परत पाठवला की नियम पाळला, असं होत नाही हो ताई.

म्हणून ज्या लॅबकडून बॅज येतात तिला ह्याच आठवड्यात कळवा की अमुक माणूस अमुक तारखेला सोडून गेला, त्याचं नाव बंद करा, आणि त्यानंतरच्या तिमाहीत बॅज वापरलाच नव्हता. हे लिहायला संकोच वाटेल, तरी लिहा. त्याच्या जुन्या डोसचा तपशील त्याला द्या, तो त्याचा हक्क आहे. नवीन माणूस आला की त्याच्या नावाने बॅज मागवा. बॅज छातीवर, लेड एप्रनच्या आत लावायचा, बाहेर नाही. काम झालं की बॅज एक्स-रेच्या खोलीबाहेर ठेवायचा. एप्रनला तसाच लावून एप्रन आतल्या खुंटीवर टांगला की दिवसभर विनाकारण रेडिएशन खात बसतो आणि तिमाहीला भलताच आकडा येतो, मग एईआरबीचं विचारणा करणारं पत्र. सोबत येणारा कंट्रोल बॅज रेडिएशनपासून लांब ठेवायचा आणि सगळे बॅज तिमाही संपल्या संपल्या एकत्र परत पाठवायचे. आकडे पण माहीत असू द्या: काम करणाऱ्याची मर्यादा सलग पाच वर्षांच्या सरासरीने वर्षाला 20 मिलिसिव्हर्ट (डोस मोजायचं एकक), आणि कुठल्याही एका वर्षात 30 च्या वर नाही. पडद्यामागे उभं राहून नीट काम केलं तर साध्या एक्स-रेच्या खोलीत आकडा ह्याच्या आसपास पण जात नाही, त्यामुळे अचानक मोठा आला तर आधी बॅज कुठे टांगला होता ते विचारायचं.

आता क्यूए. नियम दर दोन वर्षांनी एकदा आणि शिवाय ट्यूब-जनरेटरसारखं मोठं रिपेअर झालं की त्यानंतर लगेच. तुमचं मशिन बसवल्यापासून झालेलं नाही म्हणजे किमान दोन तरी राहून गेलेत. हे आता लपवता येणार नाही आणि लपवायची गरज पण नाही, आत्ता खरं करून घ्या. एईआरबीच्या साइटवर मान्यता दिलेल्या एजन्सींची यादी असते, त्यातल्याच एकीला बोलवा, आणि बोलवायच्या आधी तिची मान्यता चालू आहे का ते यादीत बघा.

खरा क्यूए कसा असतो ते सांगतो म्हणजे उद्या कुणी पाच मिनिटांत फोटो काढून निघाला तर तुम्हाला कळेल. माणूस पेटी घेऊन येतो, त्यात मीटर असतं. मशिनवर 70 केव्ही (ट्यूबचं व्होल्टेज) लावलं तर खरंच 70 निघतंय का, पाचपेक्षा जास्त केव्हीचा फरक चालत नाही. टायमर बरोबर आहे का, एमए (ट्यूबचा करंट) वाढवलं की आउटपुट त्याच प्रमाणात वाढतंय का, एकच सेटिंग परत परत मारलं तर दर वेळी तेवढंच येतंय का. ट्यूबच्या डब्यातून लीकेज किती, ते एक मीटरवर तासाला 1 मिलिग्रेच्या आत पाहिजे. कॉलिमेटरचा उजेड जिथे पडतो तिथेच एक्स-रे पडतोय का, ह्यात एक मीटर अंतरावर फार तर 2 सेंटिमीटरची चूक चालते. आणि मग तो सर्व्हे मीटर घेऊन कंट्रोल पॅनलपाशी, दाराबाहेर, वेटिंगच्या बाकापाशी, भिंतीपलीकडच्या खोलीत जाऊन एक्स्पोजर मारायला सांगतो. हे बाहेरचं मोजमाप जो करत नाही त्याचा रिपोर्ट घेऊ नका, कारण बाकावर बसणारी माणसं तुमची आहेत. मिस्टरांना म्हणावं त्या दिवशी अर्धा तास तिथे उभे राहा, ओपीडी थांबली तर थांबली.

उजेडाची टेस्ट नवीन टेक्निशियनला अधूनमधून घरच्या घरी पण करता येते. टेबलावर कॅसेट किंवा डिटेक्टर ठेवायचा, उजेडाच्या चारही कडांवर एकेक नाणं ठेवायचं आणि कमी फॅक्टरवर एक एक्स्पोजर. इमेजमध्ये नाणी कडेलाच दिसली तर ठीक, एखादं आत सरकलेलं किंवा गायब दिसलं तर कॉलिमेटरचा आरसा हललाय, सर्व्हिसवाल्याला बोलवा. तुम्ही क्यूए आधी करून घ्या असं मी जे म्हणतोय ते ह्याचसाठी, काही फेल झालं तर इंजिनियर येणार, पार्ट येणार, मग परत टेस्ट, आणि इंजिनियर तालुक्याला येतो म्हणजे कधी येतो हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत.

आरएसओ गेला ते पण पोर्टलवर कळवायला पाहिजे होतं, आता कळवा. नवीन आरएसओसाठी डॉक्टरांनी नॉमिनेट करायचं आणि एईआरबीने अप्रूव्ह करायचं, दोन्ही झाल्याशिवाय तो आरएसओ होत नाही, नुसतं लेटरहेडवर अपॉइंटमेंट लेटर देऊन चालत नाही. येणाऱ्या टेक्निशियनकडे आरएसओची पात्रता असेल तर सोन्याहून पिवळं, मुलाखतीतच विचारा. आणि माणूस सोडून जातो तेव्हा आरएसओपण पण सोबत जातं, म्हणून नोटीस पिरियड जरा लांब ठेवा.

खोलीकडे एक नजर टाका. दाराबाहेर रेडिएशनचं चिन्ह आणि मराठीत सूचना, गरोदर असाल तर आधी सांगा ही ओळ ठळक. लाल दिवा लागतो का, की बल्ब गेलाय वर्षभर. लेड एप्रन किमान 0.25 मिलिमीटर लेडच्या तोडीचा लागतो, आणि तो घडी घालून ठेवत असाल तर आतून चिरा पडलेल्या असू शकतात, वरून कळत नाही, टेक्निशियन आला की एप्रनचाच एक एक्स-रे काढून बघायला सांगा आणि इथून पुढे टांगून ठेवा. चेस्ट स्टँडची दिशा दाराकडे किंवा वेटिंगकडे नको. पाच वर्षांत भिंत पाडली, खिडकी काढली, मशिन ह्या खोलीतून त्या खोलीत हलवलं असं काही केलं असेल तर ते रिन्यूअलच्या फॉर्ममध्ये जुनंच दाखवून पुढे जाऊ नका, मंजुरी त्या खोलीसकट त्या मशिनला असते.

वेळेचं सांगायचं तर दोन महिने टाइट आहेत. ह्या आठवड्यात लॉगिन, टीएलडी लॅबला पत्र आणि क्यूएची तारीख, सोबत टेक्निशियनची जाहिरात. हे चारही एकदम सुरू करा, एक झाल्यावर दुसरं असं करत बसलात तर तारीख निघून जाईल. आणि तरी मध्ये लायसन्स संपलं तर मशिन बंद, अर्ज टाकलाय म्हणजे लायसन्स मिळालं असं होत नाही. तेवढे दिवस पेशंट शेजारच्या सेंटरला पाठवा. मिस्टर चिडतील, फ्रॅक्चरचा पेशंट बाहेर पाठवायचा म्हणजे अर्धे परत येत नाहीत म्हणतील, आणि त्यात तथ्य आहे, नुकसान होणारच. पण विनालायसन्स मशिन सील झालं तर ते किती दिवसांनी उघडेल हे तुमच्या हातात राहत नाही, आणि एखाद्या पेशंटने केस केली तर वकील पहिला कागद हाच मागणार. मिस्टरांशी एजंटवरून वाद घालू नका, त्या क्यूए रिपोर्टवर तुम्ही सही कराल का एवढंच विचारा. लायसन्स त्यांच्या नावावर आहे, जबाबदारी पण त्यांचीच, आणि ऑर्थोपेडिक माणूस ऑपरेशनच्या कन्सेंटवर बिनवाचता सही करत नाही, इथे का करावी.

पोराला काढून टाकू नका हं. बारावी सायन्स असेल तर डिप्लोमाला घाला, फीला थोडा हातभार लावा, दोन वर्षांनी तुमचाच माणूस तयार. सायन्स नसेल तर पेशंट आणणं, नोंदी, सीडी-फिल्म देणं ह्यात त्याला भरपूर काम आहे, फक्त एक्स्पोजरच्या वेळी तो बाहेर.

राहिलं स्टोअरमधलं पोर्टेबल. त्यात रेडिओॲक्टिव्ह असं काही नसतं, वीज नाही तर रेडिएशन नाही, त्यामुळे पडून राहिलं तर कुणाला धोका नाही, घाबरू नका. पण भंगारवाल्याला असंच देऊ नका, आणि कुणी ओळखीचा डॉक्टर म्हणाला मला द्या तर त्याला पण नाही, तो उद्या विनालायसन्स लावेल आणि सिरियल नंबरवरून माग तुमच्याकडे येईल. पोर्टलमध्ये शिरलात की आधी बघा ते तुमच्या नावावर दिसतंय का. दिसत असेल तर तिथूनच ते मोडीत काढायची प्रोसेस करा, सर्व्हिस इंजिनियरकडून ट्यूब निकामी करून तसं लेखी घ्या, मंजुरीचा कागद हातात आला की मग भंगारवाल्याला फोन करा.